मशिनच्या वेळेवर चालणारा कॅमेरा

बादली, बिस्किट, गूळ कसा तयार होतो हे दाखवणाऱ्या माहितीपटांवर काम करायचं असेल, तर आधी रेकी, म्हणजे शूटिंगआधी जागा बघून येणं, नीट करायला शिका. रेकीला कॅमेरा नको. वही आणि मोबाइलचं स्टॉपवॉच पुरे. कुठलं काम किती वेळाने परत होतं, हे लिहून काढायचं.

प्लास्टिकच्या बादलीचंच घ्या. साचा बंद होतो, वितळलेलं प्लास्टिक दाबाने आत जातं, थंड होतं, साचा उघडतो, बादली सुटते. दिसण्यासारखं असतं ते शेवटच्या काही सेकंदांत, पण तेच पुन्हा पुन्हा घडतं. म्हणून एका कॅमेऱ्यावर भागतं: मशिनच्या एका फेरीला (सायकलला) लांबून वाइड शॉट, पुढच्या फेरीला जवळून क्लोज, मग ऑपरेटरचे हात. फक्त रंग कधी बदलणार हे सुपरवायझरला आधीच विचारा. नाहीतर वाइडमध्ये निळी बादली, क्लोजमध्ये हिरवी, आणि एडिटरच्या शिव्या.

गुऱ्हाळावर हे गणित उलटं. एक काहिल, म्हणजे उसाचा रस उकळायची मोठी कढई, उतरायला अडीच-तीन तास लागतात. रसावरची मळी काढणं सावकाश टिपता येतं. पण गूळ करणारा गुळव्या पाक पाण्यात टाकून गोळी बघतो आणि लगेच काहिल उतरवून पाक वाफ्यात, म्हणजे गूळ थंड करायच्या पसरट हौदात, ओततात. तेव्हा लेन्स बदलत बसलात तर पुढच्या काहिलीची वाट बघा. ओतण्यासाठी दुसरा कॅमेरा आधीच लावून ठेवा. वाफेवर समोरून लाइट मारला तर नुसता पांढरा पडदा दिसतो. मागून मारला की वाफ उठून दिसते. थंड लेन्सवर वाफ धरते, म्हणून कॅमेरा थोडा आधीच आत नेऊन ठेवायचा.

नवख्यांचं बरंच फुटेज फ्लिकरमुळे, म्हणजे दिव्यांच्या लुकलुकण्यामुळे, वाया जातं. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे शेडमधल्या ट्यूब सेकंदाला १०० वेळा लुकलुकतात. सेकंदाला २५ फ्रेम घेताना शटर १/५० किंवा १/१०० सेकंद ठेवा. स्लो मोशनसाठी १०० फ्रेम, शटर १/१०० चालतं. १२० फ्रेमला उजेड धडधडू लागतो. १०० फ्रेमच्या वर जायचं तर शेडचे दिवे बंद करून स्वतःचे फ्लिकर-फ्री एलईडी लावा. गरगर फिरणारं चाक मॉनिटरवर थांबलेलं किंवा उलटं फिरताना दिसलं, तर फ्रेम रेट थोडा बदलून बघा.

गळ्यातला कॅमेऱ्याचा पट्टा, ओढणी, सुटी लेस फिरत्या शाफ्टजवळ अजिबात नको. सॉल्व्हंटच्या रंगकामाच्या बूथमध्ये साधा कॅमेरा नेऊ नका. ठिणगीने वाफा पेटू शकतात, शॉट काचेबाहेरून घ्या. बिस्किटाच्या लाइनवर डोक्याला जाळी हवी, आणि ट्रायपॉडचे स्क्रू, लेन्सची झाकणं आत जाताना-येताना मोजायची.

कंट्रोल पॅनलवरचं तापमान, दाब फ्रेममध्ये घेण्याआधी परवानगी घ्या. बहुतेक ठिकाणी ती मिळत नाही. प्रत्येक मशिनचा आवाज मिनिटभर वेगळा रेकॉर्ड करा.

पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये सिनेमॅटोग्राफीचा अभ्यासक्रम आहे, पण या कामात बरेच जण असिस्टंट म्हणूनच शिरतात. स्वतंत्र काम घ्याल तेव्हा रेकीचा दिवस कोटेशनमध्ये वेगळा लावा. तो फुकट मागायची पद्धत आहे.