टँकर उलटलाय? आधी नंबर वाचा

खोपोली–रसायनी पट्ट्यातल्या एका रासायनिक कारखान्यात मी सेफ्टीचं काम करतो. या भागातल्या कारखान्यांनी अडचणीत एकमेकांना मदत करायचं ठरवलेलं आहे. त्यामुळे घाटात रसायनाचा टँकर उलटला की पोलीस आणि अग्निशमन दलाबरोबर आमचाही फोन वाजतो. डिप्लोमा किंवा बीएस्सी केलेली मुलं हल्ली विचारतात, या कामात कसं यायचं, काय शिकायचं? त्यांच्यासाठी हे लिहितोय.

माझा पहिला कॉल जुलैमधला. रात्रीचे अडीच, बोरघाटात मुसळधार पाऊस. टँकर कुशीवर पडलेला, बाजूने पांढरा धूर निघत होता आणि केबिनजवळ ड्रायव्हर डोकं धरून बसला होता. मी गाडीतून उडी मारली आणि सरळ त्याच्याकडे पळत सुटलो. आमच्या सीनियरना सगळे अण्णा म्हणतात. त्यांनी मागून दंड धरून मला ओढलं. "वारा बघितलास का? धूर आपल्याकडेच येतोय. तू पडलास तर तुला आणायला कोण जाणार?"

गाडी मागे घेतली, पलीकडच्या लेनवरून वळसा घालून वाऱ्याच्या वरच्या अंगाला आलो. त्यात दहा-बारा मिनिटं गेली. तेवढा वेळ तो माणूस तिथेच बसून होता. मग दोघं जण बीए सेट (पाठीवरच्या सिलिंडरमधून श्वासाला हवा देणारा मुखवटा) चढवून गेले आणि त्याला उचलून घेऊन आले. घसा आणि डोळे भाजले होते, पण तो वाचला. ती दहा मिनिटं माझ्या मनातून अजून गेलेली नाहीत. तरीही आज विचाराल तर मी अण्णांसारखंच वागेन. या कामात सगळ्यात अवघड असतं ते थांबणं. धावून जायचं बळ तरुण माणसात असतंच, थांबायचं मात्र शिकावं लागतं.

थांबून करायचं काय? वाचायचं. धोकादायक माल नेणाऱ्या प्रत्येक टँकरवर माहितीची पाटी असली पाहिजे, असं केंद्रीय मोटार वाहन नियम, १९८९ मध्ये आहे. मालाचं नाव, संयुक्त राष्ट्रांचा चार आकडी क्रमांक, वर्गाचं चौकोनी चिन्ह आणि आपत्कालीन फोन नंबर पाटीवर असतात. क्रमांकाचे आकडे निदान १०० मिलिमीटर उंच हवेत, म्हणजे ते लांबून वाचता यावेत हाच हेतू आहे. एक साधी दुर्बीण गाडीत कायम ठेवा. १२०३ म्हणजे पेट्रोल, १०७५ एलपीजी, १०१७ क्लोरीन, १००५ अमोनिया, १८३० सल्फ्युरिक आम्ल. आपल्या रस्त्यावरून रोज जाणारे वीस-पंचवीस क्रमांक पाठ असले की बरंच काम होतं. पेट्रोलच्या टँकरवर '३वायई' असंही दिसेल. त्यातला ३ सांगतो की आगीवर फोम, म्हणजे फेस, वापरा, आणि शेवटचं अक्षर सांगतं की आजूबाजूची माणसं हलवायची वेळ येऊ शकते.

पण पाटी खोटं बोलू शकते, हे मी त्याच रात्री शिकलो. पाटीवर १८२४ होता, म्हणजे कॉस्टिक सोड्याचं द्रावण. अण्णा म्हणाले, "कॉस्टिकला असा धूर कुठून येईल?" ड्रायव्हरकडून बिल्टी, म्हणजे मालाबरोबरचा वाहतुकीचा कागद, मागवली तर माल निघाला हायड्रोक्लोरिक आम्ल, १७८९. आधीच्या खेपेची पाटी कुणी बदललीच नव्हती. गटारातल्या पाण्यात पीएचची पट्टी बुडवली, ती लालभडक झाली, म्हणजे आम्लच; साध्या पाण्यात ती हिरवी होते, म्हणजे सात. कॉस्टिक समजून त्यावर आम्ल ओतायला निघालो असतो तर काय झालं असतं, याचा विचार करा. तेव्हापासून माझा नियम आहे: पाटी, बिल्टी आणि ड्रायव्हर, तिघं एकच नाव सांगत नाहीत तोवर सांडलेल्या मालावर टाकायच्या कुठल्याही रसायनाला हात लावायचा नाही. ट्रेम कार्ड, म्हणजे मालाचे धोके आणि उपाय लिहिलेलं कार्ड, केबिनमध्ये सापडलं तर चौथा साक्षीदार मिळाला.

पुढचं काम सकाळपर्यंत चाललं. गटाराच्या तोंडाशी मातीच्या गोण्या रचल्या, कारण ते पाणी नाल्यातून पाताळगंगेला मिळतं. सांडलेल्यावर आम्ल मारणारी सोडा अॅश थोडी थोडी टाकत राहिलो. एकदम टाकली की फसफसून अंगावर येते. रस्ता लवकर मोकळा करा म्हणून सगळीकडून फोन येत होते. कुणीतरी सुचवलं की अडकलेला पत्रा गॅसकटरने कापा आणि टँकर ओढून घ्या. इथे रसायनशास्त्र उपयोगी पडतं. या आम्लाच्या लोखंडी टँकरला आतून रबराचं अस्तर असतं. ते फाटलं की आम्ल लोखंडाला लागतं आणि हायड्रोजन सुटतो. म्हणजे न पेटणाऱ्या मालाच्या टँकरमध्ये पेटणारा वायू! अण्णांनी कटर तिथून लांब पाठवला. रबर अस्तराचा दुसरा रिकामा टँकर मागवला, पंपाने आम्ल त्यात घेतलं आणि मगच क्रेन लावली.

वायूंचं गणित वेगळं, आणि ते नीट शिकाच. एलपीजी हवेपेक्षा जड, म्हणून तो खड्ड्यात, गटारात, पुलाखाली जाऊन बसतो. क्लोरीन तर हवेच्या अडीचपट जड. अमोनिया हलका, असं पुस्तकात वाचून आपण निर्धास्त होतो. पण द्रवरूप अमोनिया सुटला की त्याचा गार ढग सुरुवातीला जमिनीलगतच सरकतो. त्याच्या डबक्यावर पाण्याचा फवारा मारला की वायू आणखी जोरात उठतो, म्हणून पाणी ढगावर मारायचं, डबक्यावर नाही. एलपीजीचा टँकर आगीत सापडला असेल तर चारही बाजूंनी १६०० मीटर मोकळे करायचे. नवीन मुलांना हा आकडा अतिशयोक्ती वाटतो. २० डिसेंबर २०२४ ला पहाटे जयपूरजवळ भांकरोट्याला वळणाऱ्या एलपीजी टँकरवर ट्रक आदळला, गॅस रस्त्यावर पसरला आणि पेटला. रस्त्यावरची कितीतरी वाहनं, त्यात एक प्रवासी बसही, त्यात सापडली. त्यातल्या बहुतेकांचा त्या टँकरशी काहीच संबंध नव्हता.

म्हणूनच माणसं लांब ठेवणं हे अर्धं काम आहे. पेट्रोलचा टँकर उलटला की कॅन, बादल्या घेऊन लोक येतात. जून २०१७ मध्ये पाकिस्तानात बहावलपूर भागात अशाच गर्दीत आग लागून दोनशेहून जास्त माणसं गेली. ओरडून गर्दी हटत नाही, ओळखीचा माणूस लागतो. खोपोलीत 'अपघातग्रस्तांच्या मदतीला' ही स्वयंसेवकांची संस्था आहे. तिथले लोक गावातले असल्यामुळे त्यांचं ऐकतात. नवीन गावात कामाला लागलात तर अशा लोकांची ओळख पहिल्या महिन्यात करून घ्या.

शिक्षणाच्या वाटा तशा सरळ आहेत. अग्निशमन दलात जायचं असेल तर सांताक्रूझच्या राज्य अग्निशमन प्रशिक्षण केंद्रातला सहा महिन्यांचा फायरमन कोर्स आहे. बारावीनंतर अभियांत्रिकीच हवी असेल तर नागपूरचं राष्ट्रीय अग्निशमन सेवा महाविद्यालय. कारखान्याच्या बाजूने यायचं तर केमिकलचा डिप्लोमा किंवा पदवी आणि त्यावर एक वर्षाचा औद्योगिक सुरक्षेचा डिप्लोमा. मी याच वाटेने आलो. तळेगावजवळ सुदुंबऱ्याला एनडीआरएफची तुकडी आहे, तिथल्या जवानांबरोबर मॉकड्रिल करायची संधी मिळाली तर सोडू नका. बीए सेटमध्ये सहा लिटरचं सिलिंडर ३०० बारला भरलं की हिशोबाने पाऊण तास हवा पुरते. घाट चढताना, घाबरलेले असताना ती बरीच आधी संपते. आपल्याला किती पुरते ते घड्याळ लावून मोजून ठेवा.

आणखी एक. ड्रायव्हरशी नीट बोला. नियमाप्रमाणे त्याचं तीन दिवसांचं प्रशिक्षण झालेलं असायला हवं आणि लायसन्सवर तशी नोंद हवी, पण अपघातानंतर तो मार खाण्याच्या भीतीने पळायच्या बेतात असतो. व्हॉल्व्ह कुठला, किती माल शिल्लक, कुठून भरला, हे त्याच्याइतकं कुणालाच माहीत नसतं. आधी पाणी द्या, नाव विचारा, घरी फोन लावून द्या. मग विचारा.

त्या रात्रीचा ड्रायव्हर दवाखान्यात जाण्याआधी मला खालच्या व्हॉल्व्हचा फेरा कुठल्या बाजूला घट्ट होतो ते हाताने दाखवत होता, कारण घशातून आवाज फुटत नव्हता. सकाळी साडेनऊला गटारातल्या पाण्याची शेवटची पट्टी बुडवली तेव्हा रंग हिरवा आला, सात. तो आकडा मी वहीत लिहिला आणि गोण्या काढायला सांगितलं.