मोबाइलवर एफएम खरखरतो? या चुका टाळा

पावसाळ्यात वीज गेली, नेटवर्कही गेले, की मोबाइलवरचा एफएमच कामाला येतो. त्याला इंटरनेट लागत नाही. पण नेमका तेव्हाच तो खरखरतो, नाहीतर ‘हेडफोन जोडा’ एवढेच दाखवत राहतो. बहुतेक वेळा दोष वायरीत असतो.

हेडफोनची वायर हीच एफएमची अँटेना. एफएमच्या लहरीची लांबी सुमारे ३ मीटर, तिचा चौथा हिस्सा पाऊण मीटर. म्हणून मीटरभर वायर सरळ लोंबती ठेवा, गुंडाळून खिशात कोंबू नका. ब्लूटूथ हेडफोन अँटेनाचे काम करत नाही. टाइप-सीचे हेडफोनही बहुतेक फोनांत चालत नाहीत, ३.५ मिमीचा जॅकच हवा. मोठ्याने ऐकायचे असेल तर वायर तशीच ठेवून अ‍ॅपमधले स्पीकरचे बटण दाबा.

वायर जोडूनही फोन ओळखत नसेल तर आधी कव्हर काढून पाहा. जाड कव्हरमुळे पिन पूर्ण आत जात नाही. किनाऱ्यालगतच्या खाऱ्या, दमट हवेत पिन काळी-हिरवी पडते, तीही सुक्या सुती कापडाने पुसा. जॅकमधला कचरा फोन बंद करून लाकडी टूथपिकने अलगद काढा. सुई किंवा तेल नको.

चिऱ्यांच्या जाड भिंतींच्या, स्लॅबच्या घरात आतल्या खोलीत बसून स्कॅन केले (फोनला आपोआप स्टेशने शोधायला लावले), की स्टेशने सुटतात आणि ती बंद पडली असे वाटते. खिडकीशी जाऊन स्कॅन करा, किंवा आकडा हाताने टाका: पणजी आकाशवाणीचे एफएम रेनबो १०५.४ वर आहे. गोव्यातल्या सत्तरी, सांगे, काणकोणच्या डोंगराळ भागात अडचण वेगळी. या लहरी जवळजवळ सरळ रेषेत जातात, त्यामुळे डोंगराआड आवाज मंदावतो. डोंगरावरून परतलेली लहर थेट लहरीशी भिडली तरी आवाज फाटतो. अशा वेळी दीड-दोन पावले सरकले तरी फरक पडतो. सेटिंगमध्ये स्टिरिओऐवजी मोनो (दोन्ही कानांत एकच आवाज) निवडता येत असेल तर निवडा, खरखर बरीच कमी होते. स्वस्त चार्जर लावून ऐकू नका, त्याची घरघर मिसळते.

आणि एफएमच्या नावाने मिळणारी अनेक अ‍ॅप्स इंटरनेटवर चालतात. ६४ केबीपीएस (सेकंदाला ६४ किलोबिट) वेगाने तासाला सुमारे २९ एमबी डेटा जातो. आयफोनमध्ये एफएम ऐकण्याची सोयच नाही. नवा फोन घेताना दुकानातच मोबाइल डेटा बंद करून, वायर जोडून एखादे स्टेशन लावून पाहा.