आपल्या विमानप्रवासाच्या इंधनाचा हिशेब कसा मांडावा

विमानाचे तिकीट महाग का असते, नव्या बनावटीची इंजिने का बसवली जातात, मुंबईवर विमान घिरट्या घालू लागले की कंपन्या का हैराण होतात आणि एका प्रवासाने हवेत किती कार्बन डायऑक्साइड जातो, हे चार प्रश्न वरवर वेगळे वाटतात. पण त्या सर्वांच्या मुळाशी एकच आकडा असतो, तो म्हणजे त्या उड्डाणात जळलेल्या इंधनाचे वजन. हा आकडा काढण्यासाठी वैमानिक किंवा अभियंता असण्याची गरज नाही. कागद, पेन्सिल आणि अर्धा तास एवढे पुरेसे आहे. या लेखात मुंबई ते दिल्ली हे उड्डाण उदाहरणादाखल घेतले आहे. वाचकांनी त्याजागी आपापला प्रवास ठेवावा.

हिशेबाचा पहिला नियम असा की, इंधन नेहमी किलोत मोजावे, लिटरमध्ये नव्हे. पेट्रोलपंपाच्या सवयीमुळे आपण लिटरचा विचार करतो. परंतु इंधनाचे आकारमान तापमानानुसार बदलते आणि इंजिनाला मिळणारी ऊर्जा वजनावर अवलंबून असते. विमान इंधनाच्या एका लिटरचे वजन साधारण ०.८ किलो भरते. ही पायरी किरकोळ वाटली, तरी ती चुकल्यास काय होते हे २३ जुलै १९८३ रोजी कॅनडात दिसले. एअर कॅनडाच्या बोइंग ७६७ विमानातील इंधनमापक यंत्रणा बिघडल्यामुळे टाक्यांमधील इंधन मोजपट्टीने मोजले गेले आणि ते ७,६८२ लिटर भरले. प्रवासाला २२,३०० किलो इंधन हवे होते. लिटरचे किलो करण्यासाठी सुमारे ०.८ ने गुणायला हवे होते, पण जुन्या सवयीने १.७७ हा पौंडांचा गुणक वापरला गेला. त्यामुळे आणखी २०,०८८ लिटर भरण्याऐवजी केवळ ४,९१६ लिटर भरले गेले, आणि ४१,००० फुटांवर असताना इंधन संपत आले व दोन्ही इंजिने एकापाठोपाठ बंद पडली. वैमानिकांनी ते विमान तरंगत नेऊन गिमली येथील जुन्या हवाई तळावर उतरवले आणि विमानातील सर्व ६९ जण वाचले. आपल्या कागदावरील चुकीने कोणाच्या जिवाला धोका होणार नाही, तरीही प्रत्येक आकड्यापुढे एकक लिहिल्याशिवाय पुढची ओळ लिहू नये.

आता प्रत्यक्ष कामाला लागू. आरक्षण करताना विमानाचा प्रकार लिहिलेला असतो. देशांतर्गत मार्गांवर तो बहुधा एअरबस ए३२० निओ किंवा बोइंग ७३७ मॅक्स असतो. ए३२० निओ जातीचे विमान उड्डाण, चढण आणि उतरण धरून तासाला सरासरी सव्वादोन ते अडीच टन इंधन जाळते. मुंबई-दिल्ली हे सरळ रेषेतील अंतर सुमारे १,१४० किलोमीटर आहे, मात्र विमान ठरलेल्या हवाई मार्गांनी जाते आणि उतरण्याआधी वळसे घेते. म्हणून अंतराऐवजी वेळ धरणे अधिक भरवशाचे ठरते. तिकिटावरील वेळ घेऊ नये, कारण तीत फाटकापासून धावपट्टीपर्यंतचा वेळ आणि उशीर होऊ नये म्हणून ठेवलेली मोकळीक मिसळलेली असते. विमानांचा माग दाखवणाऱ्या संकेतस्थळांवर मागील आठवड्यातील उड्डाणांचा हवेतील वेळ पाहावा आणि त्याची सरासरी काढावी. आपण तो १ तास ४८ मिनिटे, म्हणजे १.८ तास धरू. ताशी २,४०० किलो या दराने जळणारे इंधन सुमारे ४,३०० किलो होते.

येथे बहुतेकांची गल्लत होते ती भरलेले इंधन आणि जळलेले इंधन यांत. विमान केवळ ४,३०० किलो घेऊन निघत नाही. धावपट्टीपर्यंत जाण्यासाठी सुमारे २०० किलो, वारा किंवा मार्ग अंदाजाप्रमाणे न मिळाल्यास उपयोगी पडावे म्हणून प्रवासाच्या इंधनाच्या पाच टक्के म्हणजे सव्वादोनशे किलोच्या आसपास, दिल्लीत उतरता न आल्यास जयपूरसारख्या पर्यायी विमानतळापर्यंत जाण्यासाठी समजा १,४०० किलो, आणि या सर्वांनंतरही अर्धा तास हवेत राहता येईल इतके अंतिम राखीव इंधन, म्हणजे जवळपास १,१०० किलो, असे सगळे मिळून ७,२०० किलोंच्या घरात इंधन भरावे लागते. शिवाय पावसाळ्यात मुंबईकडे येताना किंवा जानेवारीच्या धुक्यात दिल्लीकडे जाताना कप्तान आपल्या अधिकारात आणखी भर घालतो. पण हे राखीव इंधन सुरळीत प्रवासानंतर टाक्यांमध्ये तसेच शिल्लक राहते, त्यामुळे ते प्रवाशांमध्ये वाटू नये.

असे असले तरी राखीव इंधन वाहून नेण्यालाही इंधन लागते, आणि हिशेबातील ही ओळ मला सर्वांत महत्त्वाची वाटते. जादा वजनाच्या तीन ते चार टक्के इतके इंधन दर तासाला ते वजन वाहण्यातच जळते. न वापरले जाणारे २,७०० किलो घ्या, साडेतीन टक्के घ्या, १.८ तासांनी गुणा. उत्तर सुमारे १७० किलो येते. भरलेल्या विमानात हा भार प्रत्येक प्रवाशामागे साधारण एक किलो इंधनाचा होतो. सुरक्षिततेची ही किंमत आहे आणि ती अत्यंत माफक आहे. २५ जानेवारी १९९० रोजी बोगोटाहून मेडेलिनमार्गे न्यूयॉर्कला आलेले अव्हियांका कंपनीचे बोइंग ७०७ विमान तासाहून अधिक काळ हवेत थांबवून ठेवले गेले. इंधन संपत आल्याचे वैमानिकांनी सांगितले, पण आणीबाणीची घोषणा स्पष्ट शब्दांत झाली नाही, आणि अखेर ते विमान लाँग आयलंडवर कोसळून १५८ पैकी ७३ जण मृत्युमुखी पडले. अंतिम राखीव इंधनाला हात लागणार असे दिसताच ‘मेडे फ्युएल’ अशी घोषणा करण्याचा आंतरराष्ट्रीय नियम आज आहे, यामागचे कारण अशा घटनांमध्येच आहे. म्हणून इंधनबचतीचे कोणतेही गणित मांडताना राखीव इंधनाचा रकाना बचतीसाठी कधीही खुला ठेवू नये.

यानंतर वाटणी. विमानात १८६ आसने असतील आणि ८५ टक्के भरली असतील, तर १५८ प्रवासी होतात. कोणत्या कंपनीची किती आसने भरली याचे प्रमाण नागरी विमान वाहतूक महासंचालनालय दरमहा प्रसिद्ध करते, तेथून ताजा आकडा घ्यावा. ४,३०० किलोंना १५८ ने भागल्यास माणशी २७ किलो, म्हणजे ३४ लिटर इंधन येते. विमानाच्या पोटात माल असेल, तर त्याचा वाटा वेगळा काढणे न्याय्य आहे. आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटनेची पद्धत अशी आहे की प्रत्येक प्रवासी सामानासह १०० किलो धरायचा आणि प्रत्येक आसनामागे आणखी ५० किलो मिळवायचे. आपल्या उदाहरणात ते २५,१०० किलो होतात. त्यात दीड टन माल मिळवल्यास प्रवाशांच्या वाट्याला सुमारे ९४ टक्के इंधन येते. लांब पल्ल्याच्या रुंद विमानांत मालाचा वाटा बराच मोठा असू शकतो. तेथे आणखी एक दुरुस्ती करावी लागते: बिझनेस वर्गाची सपाट होणारी खुर्ची साध्या आसनाच्या कित्येक पट जागा व्यापते, म्हणून त्या प्रवाशाच्या नावे इंधनही त्याच प्रमाणात मांडावे.

पैशांचा हिशेब येथून सोपा आहे. तेल कंपन्या विमान इंधनाचा दर साधारणपणे दर महिन्याच्या पहिल्या तारखेला, प्रति किलोलिटर, शहरनिहाय जाहीर करतात. समजा तो ९०,००० रुपये आहे, तर ३४ लिटरचे ३,०६० रुपये झाले. पाच हजारांच्या तिकिटात निम्म्याहून अधिक रक्कम केवळ इंधनाची निघाली, आणि उरलेल्या रकमेतूनच भाडेपट्ट्याने घेतलेल्या विमानाचे भाडे, देखभाल, कर्मचाऱ्यांचे पगार, विमानतळाचे शुल्क भागवायचे असते, हे लक्षात आले की स्वस्त तिकिटांवर चाललेल्या कंपन्या एकामागून एक का बुडाल्या याचा उलगडा होऊ लागतो. विमान इंधन अद्याप वस्तू आणि सेवा कराच्या बाहेर असून त्यावर प्रत्येक राज्याचा मूल्यवर्धित कर वेगळा असतो. त्यामुळे जेथे कर कमी तेथे टाक्या अधिक भरून आणण्याचा मोह कंपन्यांना होतो. पण वर पाहिल्याप्रमाणे जादा वजन स्वतःच इंधन खाते, म्हणजे कंपनीचा पैसा वाचतो आणि हवेत धूर मात्र वाढतो. राज्यांच्या करांतील तफावतीचा हा परिणाम अर्थसंकल्पाच्या चर्चेत क्वचितच ऐकू येतो आणि तो ऐकू यायला हवा.

इंजिनांचा प्रश्नही याच कागदावर सोडवता येतो. निओ विमानांच्या इंजिनांतून जाणाऱ्या हवेपैकी फार मोठा भाग ज्वलनकक्षात न शिरता बाहेरून मागे ढकलला जातो. जुन्या ए३२० च्या इंजिनांत हे प्रमाण साधारण सहास एक होते, ते आता अकरा-बारास एक झाले आहे. पुष्कळ हवा थोड्या वेगाने मागे ढकलणे हे थोडी हवा फार वेगाने ढकलण्यापेक्षा किफायतशीर असते, आणि त्यातून सुमारे १५ टक्के इंधन वाचते. आपल्या उड्डाणाला जुने विमान असते, तर ४,३०० ऐवजी ५,००० किलोंच्या आसपास इंधन जळले असते. मात्र बचतीचा हा आकडा विमान उडत असेल तेव्हाच खरा असतो. मे २०२३ मध्ये गो फर्स्ट कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज केला, तेव्हा तिने इंजिनांअभावी जमिनीवर उभ्या राहिलेल्या निओ विमानांकडे बोट दाखवले. इंजिन बनवणाऱ्या कंपनीने तो आरोप फेटाळला. वाद कोणाच्याही बाजूने असो, उभ्या विमानाचे भाडे इंधनाच्या बचतीतून फिटत नाही.

मुंबईकरांनी एक ओळ आवर्जून जोडावी. मुंबईच्या दोन धावपट्ट्या एकमेकींना छेदतात, त्यामुळे एका वेळी व्यवहारात एकच वापरता येते आणि गर्दीच्या वेळी विमाने घिरट्या घालत राहतात. फेब्रुवारी २०२४ मध्ये केंद्र सरकारने तेथील गर्दीच्या तासांतील उड्डाणे कमी करायला लावली, त्यामागे हेच कारण होते. अर्ध्या तासाच्या घिरट्यांत सुमारे १,००० किलो इंधन जाते, म्हणजे माणशी सहा किलोंहून अधिक. दिल्लीहून मुंबईपर्यंतच्या प्रवासात जेवढे जळते त्याच्या जवळपास चौथा हिस्सा. परतीच्या प्रवासात विमान पालघरवर गोल फिरताना दिसले, तर तो वेळ टिपून ठेवावा.

पर्यावरणाच्या रकान्यासाठी ३.१६ हा गुणक पुरेसा आहे. एक किलो इंधन जळताना त्यातील कार्बन हवेतील प्राणवायूशी संयोग पावतो, म्हणून तयार होणारा कार्बन डायऑक्साइड इंधनापेक्षा तिपटीहून अधिक वजनाचा असतो. २७ किलो इंधनाचे सुमारे ८६ किलो होतात; मालाचा वाटा वजा केल्यास ८१. मुंबईहून दिल्लीला रस्त्याने साधारण १,४०० किलोमीटर जाणारी, लिटरला १५ किलोमीटर धावणारी पेट्रोलची मोटार ९३ लिटर जाळते आणि लिटरमागे सुमारे २.३ किलो या हिशेबाने २१४ किलो कार्बन डायऑक्साइड सोडते. एकट्याने मोटार नेणारा विमानप्रवाशापेक्षा जास्त धूर सोडतो, चौघांनी मिळून नेल्यास प्रत्येकी ५४ किलोंवर येतात. विमान वाईट की मोटार वाईट, हा प्रश्न किती जण बसले हे विचारल्याशिवाय सुटत नाही.

परंतु विमानाचा धूर उंचावर सुटतो, ही गोष्ट मोटारीला लागू नाही. अतिथंड आणि दमट हवेच्या थरांत विमानामागे पांढऱ्या रेषा उमटतात, त्या पसरून विरळ ढग बनतात, आणि रात्रीच्या वेळी ते जमिनीची उष्णता अडवून धरण्याचेच काम करतात. हा परिणाम थोडाच काळ टिकतो आणि त्याचा नेमका आकडा काढणे अवघड आहे. ब्रिटिश सरकारच्या मार्गदर्शक गणितात त्यासाठी कार्बन डायऑक्साइडला प्रथम १.९ ने आणि अलीकडे १.७ ने गुणण्याची पद्धत आहे. हा आकडा वेगळ्या ओळीत लिहावा, मूळ ८१ किलोंत मिसळू नये.

शाश्वत विमान इंधनाच्या जाहिराती वाचताना हाच कागद जवळ ठेवावा. शेतीतील उरलेला माल किंवा वापरलेले खाद्यतेल यांपासून बनवलेले हे इंधन जळतानाही तेवढाच कार्बन डायऑक्साइड सोडते. बचत होते ती इतकीच की तो कार्बन वनस्पतींनी नुकताच हवेतून घेतलेला असतो. मे २०२३ मध्ये पुण्याच्या प्राज इंडस्ट्रीजने देशी कच्च्या मालापासून तयार केलेल्या अशा इंधनाचे अल्प मिश्रण वापरून पुणे-दिल्ली प्रवासी उड्डाण झाले, ही अभिमानाची गोष्ट आहे. तथापि आंतरराष्ट्रीय उड्डाणांसाठी भारताने ठरवलेले उद्दिष्ट २०२७ मध्ये एक टक्का आणि २०३० मध्ये पाच टक्के आहे. एक टक्का मिश्रणातून, ८० टक्क्यांपर्यंतची बचत गृहीत धरली तरी, आपल्या ८१ किलोंतून सुमारे साडेसहाशे ग्रॅम कमी होतात.

शेवटी एक शंका उरते, आणि ती प्रामाणिकपणे सोडवायला हवी. विमान तसेही जाणारच होते, मग माझ्यामुळे किती इंधन जळले? सामानासह १०० किलो वजन, ताशी साडेतीन टक्के, १.८ तास: उत्तर सहा किलोंच्या थोडे वर येते, २७ नव्हे. एकाच दिवसाचा विचार केला तर हा आकडा बरोबर आहे. पण कंपनी पुढच्या हंगामाची उड्डाणे मागच्या हंगामात किती आसने भरली यावरून ठरवते, म्हणून वर्षभराच्या हिशेबात माणशी २७ किलोच धरावेत. सहा किलोंचा आकडा बॅग भरताना उपयोगी पडतो: दहा किलो सामान घरी ठेवल्यास या प्रवासात सहाशे ग्रॅमहून थोडे अधिक इंधन वाचते.