शाळेतून सेवासमाप्ती झाल्यास या चुका टाळा

खासगी शाळेतील कर्मचाऱ्याच्या हाती सेवासमाप्तीचा आदेश पडला की तो पहिली धाव घेतो जिल्ह्याच्या शिक्षणाधिकाऱ्यांकडे, आणि प्रकरण बहुधा तिथेच बिघडते. तालुक्याच्या पुढाऱ्याला मध्ये घालण्यात आणि अर्जांवर आवक शिक्के घेण्यात आठवडे निघून जातात. मात्र महाराष्ट्र खासगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, 1977 च्या कलम 9 प्रमाणे दाद शाळा न्यायाधिकरणाकडेच (खासगी शाळांतील अशी अपिले ऐकणारे खास न्यायपीठ) मागावी लागते, तीही आदेश मिळाल्यापासून 30 दिवसांत. शिक्षणाधिकाऱ्यांकडे दिलेल्या अर्जाने ही मुदत थांबत नाही. सबळ कारण दाखवल्यास विलंब माफ होऊ शकतो, पण ‘साहेब बघतो म्हणाले होते’ या कारणाच्या भरवशावर राहू नये. (जिल्हा परिषदेच्या शिक्षकांना हा कायदा लागू नाही, त्यांचा मार्ग वेगळा.)

खेड्यातल्या शाळेत आदेश लेखी मिळेलच असे नाही. विदर्भात जूनअखेर शाळा उघडते, हजेरीपटात नाव नसते आणि लिपिक मान वर न करता ‘सर, अध्यक्षांना भेटा’ एवढेच सांगतो. अशा वेळी लेखी आदेशाची वाट पाहणे ही मोठी चूक होय, कारण तोंडी सेवासमाप्तीविरुद्धही अपील करता येते. त्याच दिवशी, रुजू करून घेण्याची मागणी करणारे पत्र मुख्याध्यापक व संस्थेचे सचिव या दोघांना पोचपावतीसह टपालाने पाठवावे. अन्यथा कर्मचाऱ्याने स्वतःहून येणे बंद केले, हा संस्थेचा ठरलेला बचाव खोडणे जड जाते.

नेमणुकीच्या वेळी कोऱ्या कागदावर घेतलेली सही पुढे राजीनामा म्हणून बाहेर निघते, हेही नवे नाही. कलम 7 नुसार राजीनाम्याच्या दोन प्रती काढून दोन्हींवर सही व तारीख घालायची आणि एक प्रत नोंदणीकृत टपालाने व्यवस्थापनाकडे पाठवायची असते. तसे झालेले नसल्यास अपिलात ते स्पष्ट लिहावे.

विभागीय चौकशीवर रागाच्या भरात बहिष्कार टाकू नये. याच कायद्याखालील 1981 च्या नियमांप्रमाणे चौकशी समितीत आपला प्रतिनिधी नेमण्याचा हक्क कर्मचाऱ्याला आहे. तो सोडला तर समितीत आपल्या बाजूने प्रश्न विचारणारे कोणी उरत नाही.

अपिलात केवळ पुनःस्थापनेची, म्हणजे पुन्हा कामावर घेण्याची, मागणी करून थांबू नये. मधल्या काळाचे वेतनही मागावे आणि त्या काळात आपण अन्यत्र कमावते नव्हतो, हे वस्तुस्थिती तशी असल्यास लिहावे. याच कायद्याखालील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2013 साली या निवेदनाला महत्त्व दिले आहे.