काल्पनिक निळा राक्षसी तारा रचताना: आधी वस्तुमान, मग पुराण

कथेसाठी किंवा एखाद्या कल्पित जगासाठी निळा राक्षसी तारा, म्हणजे सूर्याहून कितीतरी मोठा आणि तप्त तारा, हवा असेल, तर नावापासून आणि देवतेपासून सुरुवात करू नका. आधी वस्तुमान ठरवा. ते ठरलं की ताऱ्याचं आयुष्य, ग्रहावरचं वर्ष आणि त्याच्याविषयी लोक काय गोष्टी सांगतील, हे ओघानेच येतं.

उदाहरणाला ‘इंद्रनील’ नावाचा तारा घेऊ. वस्तुमान सूर्याच्या १० पट. गाभ्यातला हायड्रोजन संपल्यात जमा, त्यामुळे तारा फुगून त्रिज्याही सूर्याच्या १० पट झालेली. पृष्ठतापमान २०,००० केल्विन, वर्णपट बी२, म्हणजे तप्त निळ्या ताऱ्यांच्या वर्गातला. खऱ्या आकाशातला जवळचा नमुना म्हणजे चित्रा. तिच्या जोडीतला मोठा तारा साधारण एवढ्याच वस्तुमानाचा आहे, तेव्हा आकड्यांबद्दल शंका आली की तिच्याशी ताडून पाहा.

आता तेजस्विता काढा. त्रिज्येचा वर्ग गुणिले तापमानाचा चौथा घात, दोन्ही सूर्याच्या पटीत. १० चा वर्ग १००. २०,००० भागिले सूर्याचं पृष्ठतापमान ५,७७२ म्हणजे ३.४६५, त्याचा चौथा घात १४४. म्हणजे इंद्रनील सूर्याच्या १४,४०० पट ऊर्जा ओततो. पृथ्वीइतकीच ऊब हवी असेल तर या आकड्याचं वर्गमूळ घ्या: ग्रह १२० खगोलीय एकक, म्हणजे पृथ्वी-सूर्य अंतराच्या १२० पट, दूर हवा. वर्षासाठी अंतराचा घन करा, वस्तुमानाने भागा, वर्गमूळ काढा. उत्तर येतं ४१६ वर्षं. एकेक ऋतू शंभराहून अधिक वर्षांचा! हिवाळ्यात जन्मलेला माणूस उन्हाळा फक्त ऐकून असणार. ग्रह पृथ्वीच्याच अंतरावर ठेवून द्यायची चूक फार होते. तिथे तापमान ३,००० केल्विनच्या घरात जाईल आणि जमीन म्हणून काही उरणारच नाही.

या ग्रहावरून तारा कसा दिसेल, इथे थोडं रेंगाळा. दहापट मोठा, पण १२० पट दूर, म्हणून बिंबाची रुंदी सूर्याच्या एक बारांश, म्हणजे बारावा हिस्सा. जवळजवळ टिंबच, पण बघवणार नाही इतकं प्रखर. मोठं बिंब सावलीची कड मऊ करतं, टिंब ती कापून काढतं. दहा मीटर उंच छपराच्या सावलीची कड भर दुपारच्या उन्हात सुमारे ९ सेंटीमीटर धूसर असते. इथे ती ८ मिलिमीटरही नसेल. दिवस पृथ्वीएवढाच धरला, तर सूर्याला मावळायला जिथे दोनेक मिनिटं लागतात तिथे हा दहा सेकंदांत गडप.

रंग शाईसारखा निळा लिहू नका. डोळ्यांना तो निळसर पांढराच दिसेल, क्षितिजावर पिवळटही. त्याची सुमारे ८६ टक्के ऊर्जा अतिनील आहे, दृश्य प्रकाश जेमतेम ११ टक्के. म्हणून ऊब तेवढीच मिळाली तरी दिवस आपल्यापेक्षा मंद असेल. हवेत ऑक्सिजन असेल तर याच अतिनील किरणांनी वर ओझोन तयार होईल. ऑक्सिजन नसेल तर उघड्यावर माणूस ठेवू नका.

सगळ्यात मोठी अडचण आयुष्याची. दहा सूर्यांएवढा तारा दोन-तीन कोटी वर्षांत संपतो. पृथ्वीचं वय ४५४ कोटी वर्षं आहे. इंद्रनीलच्या ग्रहावर जीव उगवून तिथेच संस्कृती होणं शक्य नाही. तिथले लोक स्थलांतरितच हवेत, नाहीतर दुसऱ्या एखाद्या जुन्या, शांत ताऱ्याभोवती राहून रात्री इंद्रनीलकडे पाहणारे. पुराणासाठी ही दुसरी वाट कितीतरी सकस आहे.

मग अंतर ठरवा. २५ प्रकाशवर्षांवरून तो आपल्या शुक्राएवढा दिसेल, १०० वरून व्याधापेक्षा किंचित मंद. स्फोट झाला तर २५ वर धोका आहे, म्हणून १०० घ्या.

पुराण स्थानावरून रचा. तारा ध्रुवाजवळ असेल तर तो मावळतच नाही. त्याची गोष्ट पहारेकऱ्याची, वाट दाखवणाऱ्याची होईल. सूर्याच्या वाटेजवळ असेल तर काही आठवडे नाहीसा होऊन पहाटे पुन्हा उगवेल. तिथे मृत्यू, वनवास, परतणं येईल. प्राचीन इजिप्तमध्ये व्याध सुमारे ७० दिवस लोपून नाइलच्या पुराच्या सुमारास परत दिसे आणि पंचांग त्यावर बसे. संपातचलनामुळे, म्हणजे पृथ्वीचा अक्ष भोवऱ्यासारखा हळूहळू डोलत असल्यामुळे, हजारो वर्षांत उदय आणि ऋतू यांची फारकत होते. सण मात्र जुन्या उदयालाच बांधलेला राहतो. अशी विसंगती तुमच्या संस्कृतीत ठेवा, तिला लगेच वय येतं.

शेजारीही पाहा. मृगाच्या पट्ट्यातले तीन तारे बाण झाले, कारण ते व्याधाच्या रेषेत आहेत. शिवाय निळे तारे सहसा एकटे नसतात. भटकून दूर जाण्याइतकं आयुष्य त्यांना मिळतच नाही. कृत्तिका हा असाच तरुण पुंजका, आणि त्यातली सर्वांत ठळक अल्सायोनी हा निळा राक्षसी ताराच. इंद्रनीललाही पाच-सहा भावंडं द्या. नात्याची गोष्ट आयती मिळेल.

स्फोट हवा असेल तर एक खाचखळगा आहे. असा तारा बहुधा आधी तांबडा महाराक्षसी होतो आणि मग फुटतो, म्हणजे लोकांना तो कित्येक पिढ्या लालच माहीत असेल. निळा असतानाच फोडायचा तर १९८७ साली मोठ्या मॅगेलन मेघात, म्हणजे आपल्या आकाशगंगेशेजारच्या छोट्या दीर्घिकेत, फुटताना दिसलेला तारा आधाराला घ्या. तो निळा महाराक्षसी होता, वस्तुमान सूर्याच्या वीसेक पट. तेव्हा इंद्रनीलचं वस्तुमान वाढवा आणि वरची सगळी गणितं पुन्हा करा. १०० प्रकाशवर्षांवरून असा स्फोट पौर्णिमेच्या चंद्राहून तेजस्वी असेल, काही आठवडे, आणि तोही एका टिंबातून. त्या रात्रींमध्ये अंगणातल्या प्रत्येक पानाची सावली सुरीने कापल्यासारखी पडेल.