बदलीविरुद्ध कोर्टात जाताय? गुरुजी, या चुका टाळा

जिल्हा परिषदेच्या बदल्यांची यादी लागली की शिक्षकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एकच प्रश्न फिरतो: "स्टे मिळेल का?" मिळतो, पण क्वचित. न मिळण्याचं कारण पुष्कळदा याचिकेतच दडलेलं असतं.

सगळ्यात महागात पडणारी चूक म्हणजे याचिकेत गैरसोयीची कैफियत मांडणं. आईचं आजारपण, मुलीची दहावी, रोजची लांबची ये-जा. हे सगळं खरं असतं, पण कोर्ट वेगळंच तपासतं: आदेश काढणाऱ्याला अधिकार होता का, बंधनकारक नियम मोडला का, आकस होता का. शिल्पी बोस खटला (१९९१) तर बिहारच्या प्राथमिक शिक्षकांचाच. पतीच्या गावी बदली मागणाऱ्या शिक्षिकांना जागा मिळाल्या, त्यामुळे हललेले शिक्षक हायकोर्टात जिंकले आणि सर्वोच्च न्यायालयात हरले. संवर्ग दोनमुळे, म्हणजे पती-पत्नी एकत्रीकरणाच्या बदल्यांमुळे, विस्थापित झालेल्यांनी वकिलाकडे जाण्याआधी हा निकाल वाचावाच.

उलट बाजूनेही तेच. 'पती-पत्नी एकत्रीकरण हा माझा हक्क' असं ठासून लिहिलं जातं. एस. एल. अब्बास प्रकरणात (१९९३) सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की अशा मार्गदर्शक सूचना सरकारनं शक्यतो पाळाव्यात, पण त्यातून कोर्टात बजावता येईल असा हक्क मिळत नाही. म्हणून नुसतं 'जीआरचा भंग' म्हणून भागत नाही. एकच निकष शेजारच्या शाळेतल्या शिक्षकाला एका प्रकारे आणि तुम्हाला दुसऱ्या प्रकारे लावला, हे कागदानिशी दाखवलंत तर राज्यघटनेतलं समानतेचं कलम १४ कामाला येतं.

आणि कागद म्हणजे बदलीच्या ऑनलाइन पोर्टलवरची रिक्त पदांची यादी, ज्येष्ठता यादी, भरलेल्या अर्जाची पीडीएफ, गटशिक्षणाधिकाऱ्यांकडे दिलेल्या हरकतीची पोच. बदलीचा टप्पा पुढे सरकला की जुनी यादी पुन्हा दिसेल याची खात्री नाही, त्यामुळे त्याच दिवशी डाउनलोड करा. माहिती अधिकारात उत्तराची मुदत ३० दिवसांची. तोवर तुमच्या जागी दुसरा शिक्षक रुजू झालेला असतो. तसं झालं असेल तर त्यालाही प्रतिवादी करावं लागतं. सहकाऱ्याशी वैर नको म्हणून हे टाळलं जातं आणि याचिका तिथेच अडते.

संघटनेच्या सामुदायिक याचिकेबद्दल माझं मत जरा कडवट आहे. खर्च कमी येतो, आधार वाटतो, हे मान्य. पण कुणाची सेवा चुकीची मोजलेली, कुणाचं दिव्यांग प्रमाणपत्र नाकारलेलं, कुणाला फक्त गाव आवडलेलं नाही. सरकारी वकील यातलं सगळ्यात लंगडं प्रकरण उचलतो आणि भक्कम प्रकरणंही त्याच्यासोबत बुडतात. प्रश्न धोरणाचाच असेल तर एकत्र जा, नाहीतर स्वतंत्र याचिका करा.

कार्यमुक्तीचा आदेश हाती पडल्यावरही जुन्या शाळेच्या हजेरीपटावर सही करत राहणं धोक्याचं. निवेदन दिलं म्हणजे बदली थांबली असं होत नाही. गुजरात विद्युत मंडळाच्या खटल्यात (१९८९) बदलीच्या जागी हजर न झालेल्या कर्मचाऱ्याला कामावरून कमी केलं गेलं आणि सर्वोच्च न्यायालयानं ते उचलून धरलं. स्थगिती नसेल तर 'हक्क राखून' असं लेखी देऊन रुजू व्हा. याचिका त्यानंतरही चालते.

दारही बरोबर हवं. राज्य शासनाच्या थेट नोकरीतला शिक्षक मॅटकडे (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे) जातो, जिल्हा परिषदेचा हायकोर्टात. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच असल्यानं सांगली-साताऱ्याकडच्यांना त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही. मे महिन्यात मात्र हायकोर्टाला सुट्टी असते आणि सुट्टीतल्या कोर्टापुढे तातडी पटवून द्यावी लागते.

आकसाचा आरोप करायचा तर त्या अधिकाऱ्याला नावानिशी प्रतिवादी करा आणि तारखांसह घटना मांडा. तेवढी तयारी नसेल तर तो परिच्छेद काढून टाका. आदेशात 'प्रशासकीय कारण' लिहिलंय, पण मुळाशी निनावी तक्रार आहे, असं असेल तर त्या तक्रारीची आणि चौकशीची प्रत आधी मिळवा. शिक्षेऐवजी केलेली बदली टिकत नाही, हे सोमेश तिवारी प्रकरणात (२००९) सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट केलं आहे.