केस पितळेसारखे दिसायला लागले? या चुका टाळा

नाशिकच्या भांडी बाजारातून दुपारी चालत गेलं की मांडून ठेवलेली पितळेची पातेली लखलखत असतात. पातेल्याला तो रंग शोभतो. तोच रंग चांगले पैसे मोजून केलेल्या हायलाइट्समध्ये दिसायला लागला की बाई आरशासमोरून हलत नाही. इंदिरानगरच्या माझ्या पार्लरमध्ये ही तक्रार रोजची म्हणावी इतकी आहे. "ताई, मी ॲश, राखाडी छटा, सांगितली होती. महिन्यात हे बघा काय झालंय!"

बहुतेकजणी येण्याआधी घरी काहीतरी करून आलेल्या असतात. मग मूळची झाक घालवायला पाऊण तास, आणि घरचा उद्योग निस्तरायला दोन बैठका, असा हिशेब होतो.

आधी एक गोष्ट समजून घ्या. पितळी झाक बाहेरून येऊन केसांवर बसत नाही, निदान बहुतेक वेळा तरी नाही. आपल्या काळ्या केसांत दोन प्रकारची रंगद्रव्यं असतात. काळं-तपकिरी युमेलॅनिन आणि लालसर-पिवळं फिओमेलॅनिन. ब्लीच काळ्याला आधी फोडतं. लाल-पिवळं चिवट असतं, ते मागे राहतं. त्यामुळे आपला केस उजळताना आधी तांबडा, मग नारिंगी, मग पिवळसर नारिंगी, मग पिवळा आणि शेवटी फिकट पिवळा होतो. यातला एकही टप्पा गाळता येत नाही. पार्लरमधून निघताना जो थंड, राखाडी छटेचा रंग दिसतो, तो टोनरने चढवलेला असतो. टोनर चार ते सहा आठवड्यांत धुऊन जातो आणि खालचा रंग परत डोकं वर काढतो.

आमची आजी आजोबांच्या धोतराला नीळ द्यायची. धोतराचा पिवळेपणा त्याने जायचा नाही, फक्त निळसर छटेमुळे तो दिसेनासा व्हायचा. टोनर आणि पर्पल शॅम्पू तंतोतंत हेच करतात. (लगेच सांगून ठेवते, कपड्यांची नीळ केसांना लावू नका. एक मुलगी लावून आली होती. कानामागची कातडी निळी, केसांवर ठिपके, आणि नारिंगी रंग होता तिथेच.)

रंग न ओळखता बाटली आणणं

सगळ्यात जास्त पैसे इथे वाया जातात. "ब्रासी", म्हणजे पितळी, हा एकच शब्द सगळे वापरतात, पण नारिंगी ब्रासी वेगळं आणि पिवळं ब्रासी वेगळं. जांभळा रंग पिवळ्याला मारतो. नारिंगीला निळा लागतो आणि तांबड्याला हिरवट. काळ्या केसांच्या आपल्या बायका एका बैठकीत बहुधा नारिंगीपर्यंतच पोचतात, आणि ऑनलाइन मागवतात काय, तर पर्पल शॅम्पू. दोन बाटल्या संपतात, केस आहे तसाच. शॅम्पूत खोट नसते, तो चुकीच्या रंगाशी भांडत असतो. उलटंही होतं. फिकट पिवळ्या केसाला गडद निळा मास्क लावला की केस हिरवट दिसायला लागतात, आणि ते नारिंगीपेक्षा वाईट दिसतं.

रंग बघायचा कसा? केस धुऊन पूर्ण वाळवा, कारण ओला केस गडद दिसतो. दिवसा खिडकीशी उभ्या राहा. घरातल्या पिवळ्या बल्बखाली सगळंच पितळी दिसतं. कानाच्या वरची एक बट, मानेवरची एक आणि टोकाची एक, अशा तीन बटा वेगवेगळ्या पांढऱ्या टिश्यूवर ठेवून बघा. मी माझ्याकडच्या मुलींना फळांवरून शिकवते. संत्र्याच्या सालीसारखा रंग म्हणजे नारिंगी. हापूसच्या फोडीसारखा असेल तर पिवळसर नारिंगी, त्याला निळा आणि जांभळा दोन्ही मिसळलेला टोनर लागतो. मक्याच्या दाण्यासारखा असेल तर पिवळा. आणि केळ्याच्या सालीची आतली बाजू दिसते तसा असेल, तर टोनर लावण्याजोगा सगळ्यात उजळ टप्पा आला. तिन्ही बटा वेगवेगळ्या निघाल्या तर एकच वस्तू सगळ्या डोक्याला लावून भागणार नाही.

टोनरकडून उजळण्याची अपेक्षा

टोनर झाकतो, उजळवत नाही. केस संत्र्याच्या रंगावर थांबलेला असेल आणि फोटोत दाखवलेला मोत्यासारखा ब्लाँड हवा असेल, तर दोनच वाटा आहेत. केसांत जीव असेल तर काही आठवड्यांनी पुन्हा उजळवायचे, किंवा त्याच पातळीवरचा ॲश ब्राउन स्वीकारायचा. नारिंगी केस साधारण लेव्हल ६-७ वर असतो (आकडा जितका मोठा, तितका केस उजळ), त्यावर ९ किंवा १० चा टोनर फासला तर काहीच दिसत नाही. आणि ब्लीचने पोकळ झालेल्या टोकांवर गडद ॲश लावला, तर टोकं तो स्पंजासारखा पितात आणि कोळशासारखी होतात. म्हणून मी टोनर आधी मधल्या भागाला लावते, टोकांना शेवटची दोन-तीन मिनिटं. आणि दर मिनिटाला एक बट पुसून बघते. टोनर लावून चहा प्यायला जाणारी मुलगी माझ्याकडे टिकत नाही.

डब्यावरचा आकडाही नीट वाचा. टिंबाआधीचा आकडा रंग किती गडद ते सांगतो, टिंबानंतरचा छटा सांगतो. बऱ्याच कंपन्यांत .१ म्हणजे ॲश, .३ म्हणजे सोनेरी आणि .४ म्हणजे तांब्याची छटा. पण हे सगळीकडे सारखं नसतं. एका कंपनीचा ॲश निळ्या पायावर असतो, तर दुसरीचा हिरव्या. दुकानदाराला शेड कार्ड मागा. पितळी झाक घालवायला कोणीतरी ७.३ "गोल्डन" घेऊन येतं, तेव्हा सोन्यावर सोनं चढवून पितळ कसं जाईल, एवढंच विचारते.

ज्यांनी ब्लीच केलंच नाही, त्यांनाही हे लागू आहे. काळ्या केसावर २० व्हॉल्यूमचा (म्हणजे ६ टक्के पेरॉक्साइडचा) साधा "ॲश ब्राउन" लावला तरी केस एक-दोन पातळ्या उजळतो आणि आतला तांबडा उघडा पडतो. आठ-दहा धुण्यांत ॲश जातो, तांबडा राहतो. आणि आधीच रंगवलेल्या केसावर आणखी फिकट रंग लावून तो उजळेल ही आशा सोडा. रंग रंगाला उचलत नाही.

घाईचं ब्लीच आणि भित्रं ब्लीच

४० व्हॉल्यूम, म्हणजे १२ टक्के पेरॉक्साइड, घेतलं की काम पटकन होतं असा समज आहे. पटकन होतं ते केसाचं नुकसान. २० व्हॉल्यूम म्हणजे ६ टक्के. त्याने हळू पण सारखा उजाळा येतो.

दुसरी चूक माझी स्वतःची. शिकून नुकतीच बाहेर पडले होते आणि मावसबहिणीच्या साखरपुड्यासाठी तिचे केस घेतले. पंचविसाव्या मिनिटाला फॉइल उघडलं, आत भगवा रंग! घाबरून धुऊन टाकलं. ते ब्लीच काम करतच होतं, फक्त वाटेतल्या स्टेशनवर होतं. मग भीतीने वर टोनर थापला, तो काही बसला नाही. साखरपुड्याच्या फोटोंत तिची वेणी झेंडूच्या माळेला मॅचिंग आली आहे, आणि ती मला अजून सुनावते. फॉइल उघडून बघायचं ते रंग किती पुढे सरकला आणि केस ताणला तर तुटतोय का हे पाहायला. केस ठीक असेल तर पाकिटावर दिलेल्या वेळेपर्यंत थांबायचं. केस रबरासारखा ताणला जात असेल, तर मात्र रंग कुठेही असो, लगेच धुवायचं.

घरी करणाऱ्यांची ठरलेली चूक म्हणजे मुळापासून सुरुवात. टाळूच्या उबेने मुळं भराभर उजळतात, मग मुळं पिवळी आणि लांबी नारिंगी. आधी लांबी, मुळांजवळचा दीड सेंटिमीटर शेवटी. आपले केस दाट असतात, तेव्हा बटाही पातळ घ्या. जाड बटेच्या पोटात ब्लीच पोचत नाही, तिथे तांबडे पट्टे राहतात.

मेंदी लपवणं

हे मी प्रत्येकीला विचारते आणि निम्म्याजणी "नाही हो" म्हणतात. मग बोलता बोलता कळतं, दिवाळीला सासूबाईंसोबत लावली होती. मेंदीतलं लॉसोन हे रंगद्रव्य केसाच्या केराटिन या प्रथिनाला घट्ट धरून बसतं. ब्लीचने त्याचा हट्टी भगवा होतो आणि तो पुढे सरकत नाही. कंबरेपर्यंत केस असतील तर तीन-चार वर्षांपूर्वीची मेंदीही टोकाला असते, कारण केस महिन्याला सव्वा सेंटिमीटरच्या आसपासच वाढतो.

काळी मेंदी आणखी अवघड. त्यात बहुधा पीपीडी या रसायनाचा रंग असतो, काही पुड्यांत धातूचे क्षारही असतात. अशा केसावर ब्लीच तापू शकतं. म्हणून शंका असेल तर मागच्या बाजूची एक बारीक बट कापून वाटीत ब्लीचमध्ये ठेवायची. वाटी गरम झाली, वास आला, बुडबुडे सुटले, तर त्या डोक्याला ब्लीच नाही. ती मेंदी वाढून कापली जाईपर्यंत गडद रंगातच राहायचं. हे सांगितलं की चेहरे पडतात, पण दुसरा उपाय माझ्याकडे नाही.

रंग कुठलाही असो, ४८ तास आधी कोपराच्या आतल्या बाजूला थेंब लावून बघा. टोनरमध्येही ॲलर्जी करणारे घटक असतात.

पाणी आणि ऊन

झाक कधीकधी खरोखर बाहेरूनही येते, ती इथे. नळाला गंगापूर धरणाचं पाणी येतं तोवर ठीक. उन्हाळ्यात सोसायटी बोअर किंवा टँकर सुरू करते आणि "अचानक केस पिवळे पडले" असे फोन येतात. बोअरच्या पाण्यात कॅल्शियम, मॅग्नेशियम असतं, कधी लोहही. सच्छिद्र झालेला केस ते धरून ठेवतो. तुमच्या बादलीच्या तळाला पिवळा-तपकिरी थर असेल, नळाच्या तोंडाला पांढरी खपली असेल आणि साबणाला फेस येत नसेल, तर तेच केसांवरही बसतंय. यावर जांभळा शॅम्पू उपयोगाचा नाही. क्षार काढणारा, ज्यावर "चिलेटिंग" लिहिलेलं असतं, तो शॅम्पू महिन्यातून एक-दोनदा वापरायचा, वर भरपूर कंडिशनर. शॉवरला लावायचे छोटे फिल्टर क्लोरीन थोडं कमी करतात, क्षार फारसे काढत नाहीत. शेवटचे दोन तांबे पिण्याच्या फिल्टरच्या पाण्याचे घ्या. मात्र आरओच्या नळीतून बाहेर पडणारं पाणी वाया जाऊ नये म्हणून त्याने डोकं धुणाऱ्या काटकसरी मैत्रिणींनो, सगळे क्षार त्याच पाण्यात असतात. ते फरशीला वापरा.

उन्हाची गंमत वेगळी. आपल्याकडच्या मुली स्कूटीवर चेहऱ्याला स्कार्फ इतका घट्ट बांधतात की घरच्यांनी ओळखू नये, आणि शेपटी मागे मोकळी उडत असते. स्कार्फची रेघ केसांवर दिसते! डोक्यावरचा भाग अजून बेज, शेपटीचा खालचा हातभर भाग पितळी. शेपटी स्कार्फच्या आत घ्या, इतकंच. स्ट्रेटनर १८० अंशांच्या वर नेऊ नका, तोही टोनर जाळतो.

पर्पल शॅम्पू रोज नको. दर तिसऱ्या-चौथ्या धुण्याला, दोन ते पाच मिनिटं पुरे. अर्धा तास ठेवला तर टोकं जांभळी आणि केस झाडूसारखे. लिंबू लावून गच्चीवर बसण्याने केस आणखी उजळतो, म्हणजे आणखी पितळ उघडं पडतं. व्हिनेगरने चमक येते, रंग जात नाही. बेकिंग सोडा ढोकळ्यात बरा.

हळद आणि रहाड

लग्नाआधी हायलाइट्स करणाऱ्या नवरीला मी तारीख विचारते ती हळदीची. उजळलेल्या केसाला हळद लागली की तो पिवळा होतोच, आणि मुहूर्ताच्या सकाळी मला फोन येतो. केसांना खोबरेल चोळून घट्ट अंबाडा, वर जुनी ओढणी, आणि करवल्यांना आधीच दम. टोनर हळदीनंतर, लग्नाच्या आदल्या दिवशी. तरीही डाग पडलाच, तर घासू नका. तेल लावून सौम्य शॅम्पूने दोनदा धुवा. हळदीचा रंग उन्हात विटतो, राहिलेलं टोनर बघून घेईल.

रंगपंचमीला तिवंध्याच्या किंवा शनि चौकातल्या रहाडीत उडी मारायची असेल, तर मात्र माझ्याकडे उपाय नाही. पेशव्यांच्या काळापासूनचा तो रंगाचा हौद डोक्यासकट बुडवतो, तिथे अंबाडा काय करणार? त्या आठवड्यात टोनरचे पैसे खर्च करू नका. रंगपंचमी झाल्यावर चार-पाच वेळा केस धुवा आणि मग या. मी तोवर अपॉइंटमेंट देत नाही.